सॅल्मनचा ड्रायव्हर

मी एकोणीस वर्षं माशांना गाडीतून फिरवलं. आज हे वाक्य मी खाली मान घालून लिहितो आहे. पूर्वी मात्र ते छाती काढून सांगायचो, आणि ऐकणाऱ्याने लगेच "म्हणजे काय?" असं विचारलं नाही तर तो माणूस मला मठ्ठ वाटायचा.

काम असं होतं. आमच्या स्कोहॅम नदीवर हार्लन धरण होतं, माझ्या आजोबांच्या तरुणपणी बांधलेलं. सप्टेंबर लागला की समुद्रातले सॅल्मन नदीत शिरायचे, अंडी घालायला वरच्या ओढ्यांकडे निघायचे आणि धरणाच्या भिंतीशी येऊन अडायचे. बांधणाऱ्यांना वीज दिसत होती, मासा दिसत नव्हता. त्यांनी माशांना वर जायला कसलीच सोय ठेवली नव्हती. पुढे सरकारने तंबी दिली तेव्हा वीज कंपनीने भिंतीच्या पायथ्याशी एक हौद बांधला. मासे हौदात शिरत, तिथून यारीने, म्हणजे क्रेनने, उचलून ट्रकवरच्या टाकीत सोडले जात, आणि तो ट्रक अकरा वळणांचा घाट चढून धरणामागच्या तलावात त्यांना सोडून येई. तो ट्रक माझ्याकडे होता. मी लायल हॅगस्ट्रॉम, राहणार टिलबरी, वॉशिंग्टन राज्य.

साधं ड्रायव्हरचं काम, पण मी ते साधं राहू दिलं नाही. घाटातल्या वळणांवर मी ट्रक इतका हळू घ्यायचो की मागे ओंडके वाहणाऱ्या गाड्यांची रांग लागायची आणि ते लोक हॉर्न वाजवून माझा उद्धार करायचे. माशांना वळणावर गरगरतं असं माझं मत होतं. कुठल्याही शास्त्रज्ञाने मला तसं सांगितलं नव्हतं. मला स्वतःला बोटीत गरगरतं, त्यावरून मी अंदाज बांधला होता. चार जुलैच्या, स्वातंत्र्यदिनाच्या मिरवणुकीत सर्वांत पुढे आगीचा बंब आणि त्याच्या मागे धुऊनपुसून लख्ख केलेला माझा ट्रक, असा मान होता. टाकी रिकामी असायची, तरी मी आत मासे असल्यासारखाच जपून चालवायचो.

हौदापाशी मी एक फळा लावला होता. त्यावर पांढऱ्या रंगात लिहिलं होतं, 'आजवर वर पोचवलेले सॅल्मन', आणि खाली आकडा. रोज संध्याकाळी मी तो बदलायचो. माझी बायको जोनेल म्हणायची की याला लग्नाची तारीख एकदाही आठवली नाही, पण कुठल्या साली किती मासे वर गेले ते झोपेतून उठवून विचारा, धडाधड सांगेल. यात तिने काही वाढवून सांगितलं असेल असं मला वाटत नाही.

हौदावर माझ्याबरोबर रोलंड चार्ली असायचा. नदीच्या मुखाशी जे मूळ लोक कैक पिढ्यांपासून राहतात त्यांच्यातला, त्यांच्या मत्स्य विभागाचा माणूस. मासा नर की मादी हे बघायचं, लांबी मोजायची, लिहून घ्यायचं आणि यारीवाल्याला हात करायचा, हे त्याचं काम. बोलणं कमी, आणि जे बोलायचा ते इतक्या शांतपणे की टोमणा होता हे घरी जाऊन जेवायला बसल्यावर माझ्या लक्षात यायचं. मला तो 'शोफरसाहेब' म्हणायचा. एका थर्मासमधली कॉफी आम्ही एकोणीस वर्षं प्यायलो, आणि तेवढ्या वर्षांत या धरणाबद्दल तुला काय वाटतं, असं मी त्याला एकदाही विचारलं नाही. माझ्या समजुतीप्रमाणे आम्ही दोघं माशांच्या बाजूचे होतो, आणि माशांची बाजू म्हणजे मी आणि माझा ट्रक.

मग धरणाचा परवाना संपत आला. भिंत म्हातारी झाली होती, वीजही फारशी होत नव्हती, आणि परवाना पुन्हा हवा तर दुरुस्ती इतकी मोठी होती की कंपनीला ते झेपणारं नव्हतं. रोलंडचे लोक तर तीस-पस्तीस वर्षं कोर्टाचे उंबरे झिजवत होतेच. शेवटी सगळ्यांचं ठरलं की धरण पाडायचं आणि नदी मोकळी करायची. त्याआधी गावाचं म्हणणं ऐकायला म्हणून हायस्कूलच्या व्यायामशाळेत सभा ठेवली.

त्या सभेसाठी मी तीन आठवडे भाषण लिहीत होतो. जोनेलला ते इतक्या वेळा ऐकवलं की शेवटी ती भांडी घासताना माझ्या आधी पुढची ओळ म्हणायची. भाषणाचा गाभा असा होता, की गेल्या नव्वद वर्षांत, म्हणजे माशांच्या बावीस पिढ्यांत, एकाही सॅल्मनने ही नदी स्वतःच्या हिमतीवर चढलेली नाही. त्यांना वाट माहीत नाही. वाट मला माहीत आहे. धरण पाडाल तर हे मासे पायथ्याशी घुटमळून मरतील, कारण त्यांना न्यायला कोणी नसेल. हे शेवटचं वाक्य म्हणताना माझा आवाज कापरा झाला. तो मुद्दाम केला नव्हता, पण झाल्याचं वाईटही वाटलं नाही. तलावाकाठी ज्यांचे बंगले होते त्यांनी उठून टाळ्या वाजवल्या.

टाळ्या थांबल्यावर मागच्या रांगेत रोलंड उभा राहिला. टोपी हातात घेतली आणि अगदी खरोखर माहिती हवी असल्यासारखं विचारलं, "लायल, तुझा ट्रक यायच्या आधी त्यांना कोण सोडायला जायचं?"

सगळी व्यायामशाळा हसली. बंगलेवालेही हसले, त्याचं मला जास्त लागलं. मी लाल झालो, आणि लाल झाल्यावर मी जे करतो तेच केलं, म्हणजे जास्त बोललो. म्हणालो, हसण्यापेक्षा मोजा. माशांच्या पोटात यंत्र घाला, माझा ट्रक त्यांना कुठे पोचवतो ते जगाला कळू द्या. सभेच्या अध्यक्षांनी ते लिहून घेतलं. माझ्या आयुष्यात सरकारने तत्काळ मान्य केलेली ही एकच मागणी.

त्या शरदात साठ माशांच्या घशातून पोटात बोटाच्या पेराएवढी, संकेत पाठवणारी यंत्रं सरकवली, आणि नदीच्या काठाने, तलावाच्या काठाने ती ऐकणारे खांब रोवले. मी त्या साठांना इतक्या हळू वर नेलं की एका फेरीत मला एका सायकलवाल्याने मागे टाकलं.

नोव्हेंबरात निकाल आला. रोलंडने तो मला सर्वांसमोर सांगितला नाही. संध्याकाळी काम आटोपल्यावर तो माझ्या ट्रकमध्ये शेजारी येऊन बसला, दार लावून घेतलं. मग म्हणाला की साठांतले सदतीस खाली आले.

"खाली म्हणजे?"

"धरणाखाली. सांडव्यावरून." त्याने बोटाने वर तलावाकडे दाखवलं. "तलावात पाणी उभं असतं, लायल. त्यांना वाहतं पाणी लागतं, त्याच्यावरून ते वाट ओळखतात. तलावात एकच वाहतं पाणी, सांडव्याचं. ते शोधत शोधत तिथे जातात आणि पडतात."

पडल्यावर काय होतं, हे मी विचारलं नाही. त्यानेच सांगितलं की काही मरतात. बाकीचे पुन्हा वर जायला म्हणून हौदात येतात, आणि मी त्यांना पुन्हा वर नेतो. सत्तावीस नंबरची मादी मी चार वेळा वर नेली होती.

"म्हणजे फळ्यावर ती..." मी म्हणालो.

"चार मासे," रोलंड म्हणाला.

मी सांगितलं की यंत्रं बिघडलेली असणार. तो हो म्हणाला नाही, नाही म्हणाला नाही. उतरून दार इतक्या हलक्या हाताने लावलं की मला त्याचाच राग आला.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी पहिली खेप तलावात सोडली आणि परत फिरण्याऐवजी ट्रक बाजूला लावून सांडव्याच्या कठड्याशी जाऊन उभा राहिलो. यंत्रं खोटी ठरवायला. दीड तास काही दिसलं नाही आणि मला बरं वाटायला लागलं. मग एक मोठा मासा कडेजवळ आला. आधी मला तो ओंडकाच वाटला. तो प्रवाहाला तोंड देऊन जागच्या जागी पोहत राहिला, शेपटी सारखी हलत होती, पण पाणी त्याला इंचाइंचाने मागे ओढत होतं, आणि मग तो गेला, शेपटीकडून, काँक्रीटवरून घसरत. खाली आपटला. पांढरं पोट वर आलं. मी कठडा धरून वाकलो होतो. थोड्या वेळाने तो पालथा झाला, जरा स्थिर राहिला, आणि पुन्हा हौदाच्या दिशेने निघाला. माझ्या हौदाच्या.

त्याला मी त्याच सकाळी नेलं होतं की दुसऱ्या कुठल्या दिवशी नेलेला तो होता, मला ओळखता आलं नाही. इतकी वर्षं त्यांची ओळख मिरवली, पण ओळखत एकालाही नव्हतो.

त्या संध्याकाळी मी आकडा बदलला नाही. दुसऱ्या दिवशी फळाच उतरवून घरी आणला. तो ठेवायचा कुठे, असं मी विचारलं, तर जोनेलने कोंबड्यांच्या खुराड्याचं तुटलेलं दार काढलं आणि त्या जागी तो ठोकला. गावात बातमी पोचायला दोन दिवस लागले. सकाळी नाश्त्याला हॉटेलात गेलो की कोणीतरी म्हणायचं, "लायल, मलाही एकदा वर सोड ना. उतरायचं माझं मी बघतो."

चूक कळल्यावर माणूस गप्प बसत असेल असं तुम्हाला वाटत असेल. मी उलट सुटलो. सांडव्याला जाळी लावा म्हणालो, तलावात पंखे लावून प्रवाह तयार करा म्हणालो, वर्तमानपत्राला चार पत्रं लिहिली, त्यातलं एक छापलं गेलं तेही माझ्या नावाचं स्पेलिंग चुकवून. धरण वाईट आहे हे मला कठड्याशीच कळलं होतं. पण ते कबूल केलं तर इतक्या वर्षांचं काय करायचं, हा प्रश्न होता, आणि तो सोडवण्यापेक्षा पंख्यांबद्दल बोलणं सोपं होतं.

दोन वर्षांनी जुलैत भिंतीच्या तळाशी बोगदा फोडून तलाव सोडायला सुरुवात केली. मी जाणार नाही असं आठवडाभर सगळ्यांना सांगत होतो. त्या दिवशी जोनेलला म्हणालो की गाडी धुवायला नेतो, आणि तिथे जाऊन गर्दीच्या मागे, जॅकेटची टोपी डोळ्यांवर ओढून उभा राहिलो. भर उन्हाळा होता. इतक्या उकाड्यात टोपी ओढलेला माणूस मी एकटाच असल्याने मला सगळ्यांनी ओळखलं.

सुरुंगाचा आवाज झाला आणि बोगद्यातून चॉकलेटी पाण्याचा लोट बाहेर पडला. लोक ओरडले, काही रडले. मला वाटलं होतं की मला राग येईल, पण मला फक्त थकवा आला, दिवसभर उभं राहिल्यासारखा, आणि तेव्हा सकाळचे साडेनऊ वाजले होते.

तलाव महिनाभर उतरत होता. खालून चिखल उघडा पडला, नव्वद वर्षांपूर्वी तोडलेल्या देवदारांचे बुंधे उघडे पडले, आणि असा वास सुटला की टिलबरीत लोक खिडक्या बंद करून बसले. आणि एके दिवशी रोलंडच्या लोकांचा खडक उघडा पडला. तिथे पूर्वी धबधबा होता, आणि त्या खडकावर उभं राहून त्यांचे पूर्वज लांब दांड्याच्या जाळ्यांनी सॅल्मन पकडायचे. मी एकोणीस वर्षं याच खडकावरच्या पाण्यात माशांच्या टाक्या रिकाम्या करत होतो आणि मला त्याचं नावही माहीत नव्हतं.

तो बघायला रोलंडने मेव्हिस आत्यांना आणलं. त्या त्याच्या सख्ख्या आत्या होत्या की चुलत, कोण जाणे. तिकडे सगळेच त्यांना आत्या म्हणायचे, म्हणून मीही. वय सत्त्याऐंशी. चिखलात त्यांचे पाय रुतू नयेत म्हणून फळ्या टाकल्या होत्या आणि घडीची खुर्ची ठेवली होती. खुर्ची उचलायला माणूस हवा होता म्हणून रोलंडने मला बोलावलं होतं. निदान मला तसं सांगितलं होतं.

आत्या बराच वेळ खडकाकडे बघत बसल्या. त्यांच्या आईने त्यांना लहानपणी या जागेच्या गोष्टी सांगितल्या होत्या. आईने ती पाहिली होती, आत्यांनी कधीच नाही. शेवटी त्या म्हणाल्या, "आई म्हणायची, मोठा आहे."

मी म्हणालो, "चिखलात निम्मा गाडला गेला असेल, आत्या."

त्यांनी माझ्याकडे मान वळवली. "तू ट्रकवाला ना?"

"हो."

"मासे हळू न्यायचास म्हणे."

"हो, आत्या."

"बरं करायचास," त्या म्हणाल्या आणि पुन्हा खडकाकडे बघायला लागल्या. आयुष्यात मला मिळालेली ही एकच शाबासकी जिची मला लाज वाटली.

त्या पहिल्या शरदात नदीत इतका गाळ होता की मासे गुदमरले असते, म्हणून शास्त्रज्ञांनी ठरवलं की या वर्षापुरतं त्यांना पकडून गाडीने वरच्या स्वच्छ ओढ्यांत सोडावं. माझा ट्रक पुन्हा निघाला. माझा ताठाही त्याच्याबरोबर निघाला. हॉटेलात मी सांगायला लागलो की बघा, शेवटी कोणाला बोलवावं लागलं. जोनेलने मला टेबलाखालून लाथ मारली, पण तोवर मी अर्धं भाषण संपवलं होतं.

पुढच्या उन्हाळ्यात भिंत पूर्ण गेली. गाळ बराच वाहून गेला होता, तरी खबरदारी म्हणून नदीत आडवी लोखंडी गजांची जाळी लावली, मासे अडले तर पकडायला, आणि ट्रक तयार ठेवला. सप्टेंबरात मी रोज पहाटे टाकी गार पाण्याने भरायचो, इंजिन गरम ठेवायचो आणि काठावर खुर्ची टाकून बसायचो. एक दिवस गेला, चार गेले. मध्ये जोराचा पाऊस झाला, नदी फुगली, पाणी पुन्हा कॉफीच्या रंगाचं झालं. जाळीत एकही मासा नाही. आठ दिवस गेले.

इथे मला एक कबुली द्यायची आहे. मला दुःख झालं नाही. मी प्रत्येकाला सांगत सुटलो की नदी मारली, मासा संपला, मी व्यायामशाळेतच सांगितलं होतं. चेहरा सुतकी ठेवायचो, आणि आत कुठेतरी गुदगुल्या व्हायच्या. एकोणीस वर्षं ज्यांच्यासाठी वळणावर गाडी हळू घेतली ते सगळे मेले असावेत, म्हणजे मी बरोबर ठरेन, इथवर मी पोचलो होतो.

अकराव्या दिवशी दुपारी रोलंड त्याच्या पिकअपमधून आला आणि म्हणाला, चल. मी म्हणालो की मी कामावर आहे, मासे आले तर ट्रक कोण नेणार. तो म्हणाला की ट्रक अर्धा तास स्वतःला सांभाळेल.

घाट त्याने असा घेतला की तिसऱ्या वळणावर मी दाराची मूठ धरली आणि सहाव्या वळणावर डोळे मिटले. जुन्या तलावाची जागा मागे टाकून आम्ही बरेच वर गेलो, मग गाडी सोडून ओढ्याच्या काठाने रानातून अर्धा मैल चाललो. आधी ऐकू आलं. कोणीतरी ओल्या कपड्यांचा पिळा दगडावर आपटावा तसा आवाज, थांबून थांबून. मग झाडी संपली.

ओढा जेमतेम गुडघाभर होता, आणि त्यात ते होते. काठाला समांतर, प्रवाहाकडे तोंड करून, एकामागे एक. पाठी पाण्याबाहेर. काहींचे पर फाटलेले, अंग लालसर काळं पडलेलं. मी सवयीने मोजायला लागलो आणि तीसच्या पुढे चुकलो.

मी रोलंडकडे वळलो आणि विचारलं, "यांना इथे कोणी आणलं?"

मी हे खरोखर विचारलं. थट्टेने नाही. मनात आलं होतं की कंपनीने दुसरा ट्रक लावला, मला न सांगता.

रोलंडने टोपी काढली, डोकं खाजवलं आणि माझ्याकडे बराच वेळ बघितलं. हसला नाही. एवढंच म्हणाला, "लायल, जरा खाली बस."

मी दगडावर बसलो. मग त्याने सांगितलं की पुराच्या दिवशी पाण्याच्या जोराने जाळीची पलीकडची बाजू आडवी झाली होती, आणि ते तिच्यावरून निघून गेले होते. गढूळ पाण्यातून, माझ्या खुर्चीपासून चाळीस फुटांवरून. त्या वेळी मी काय करत होतो ते मला आठवलं. मी वनखात्याच्या एका माणसाला नदी कशी मेली ते समजावत होतो.

समोर एक मादी कुशीवर वळली आणि शेपटीने तळाचे खडे उडवायला लागली. तोच तो कपडे आपटल्याचा आवाज. खळगा झाला, ती सरळ झाली, नर तिच्या बाजूला सरकला, दोघांची तोंडं उघडली आणि अंग थरथरलं. मग ती जरा पुढे गेली आणि पुन्हा कुशीवर वळून मागच्या खळग्यावर खडे लोटायला लागली. तिची शेपटी झिजून पांढरी पडली होती.

मी हजारो सॅल्मन वर नेले होते आणि एकाही माशाला अंडी घालताना पाहिलं नव्हतं. टाकीची नळी बंद केली की मी ट्रक वळवायचो. पुढचं त्यांचं ते बघतील, अशी माझी समजूत. माझ्या डोळ्यांत पाणी आलं. ते रोलंडला दिसू नये म्हणून मी वाकून ओढ्यात तोंड धुवायला गेलो, तर मासे बिथरतील म्हणून त्याने माझी कॉलर धरून मला मागे ओढलं.

"तुला धरण नको होतं, हे तू मला कधी बोलला नाहीस," मी म्हणालो.

"तू विचारलं नाहीस." त्याने थर्मासच्या झाकणात कॉफी ओतली आणि ते माझ्याकडे दिलं. "आणि ट्रक काही वाईट नव्हता."

"साठांतले सदतीस पडले, रोलंड."

"आणि तेवीस पोचले. तो आकडा तू वाचलाच नाहीस. कागदावर होता खाली." त्याने ओढ्याकडे मान केली. "समुद्रात जाऊन परत यायला यांना तीनचार वर्षं लागतात. यातले किती त्या तेवीस जणांचे आहेत, कोणी सांगावं. दरवर्षी थोडे पोचत राहिले नसते, तर भिंत पाडून कोणाची वाट बघितली असती आम्ही?"

आम्ही तिथे उजेड कमी होईपर्यंत बसलो. खाली ट्रकचं इंजिन मी चालूच ठेवलं होतं. परत गेलो तेव्हा डिझेल संपून तो बंद पडला होता.

तो ट्रक नंतर कंपनीने नाताळची झाडं वाढवणाऱ्या एका शेतकऱ्याला विकला. तो रोपांना पाणी घालायला वापरतो. मी एकदा बघून आलो. वळणावर तो फार जोरात घेतो, पण रोपांना चालत असावं. रोलंडने मला मत्स्य विभागात हंगामी काम दिलं. शरदात ओढ्याच्या काठाने चालायचं आणि मासे मोजायचे. जिवंत वेगळे, मेलेले वेगळे, कारण अंडी घातली की ते तिथेच मरतात आणि अस्वलं, गरुड आणि झाडं त्यांच्यावर जगतात. नियमाप्रमाणे मोजायला दोन माणसं लागतात, एकाच्या मोजण्यावर विश्वास ठेवायचा नाही म्हणून. हा नियम माझ्या आधीपासून होता, असं रोलंड म्हणतो.

गेल्या ऑक्टोबरात दुसरा माणूस आजारी पडला म्हणून मी जोनेलला घेऊन गेलो. छातीपर्यंतचे रबरी बूट तिला मोठे होत होते, तरी ती माझ्यापेक्षा सरळ चालत होती. एका डोहाशी मी चौदा म्हणालो, ती अकरा म्हणाली. मी म्हणालो की मी हे काम आयुष्यभर केलं आहे. ती म्हणाली की त्यातली सत्तावीस नंबरची एकटीच चार वेळा मोजली आहेस. पंधरा मिनिटं आम्ही गार पाण्यात उभे राहून भांडलो. भांडताना एक मोठी मादी आम्हा दोघांच्या मधून, अगदी बुटांना घासून वर गेली, आणि भांडण तिथेच थांबलं.

"ही आधी मोजली होती का?" जोनेलने विचारलं.

मला माहीत नव्हतं, आणि मी तसं सांगितलं. तिने माझ्याकडे अशा नजरेने बघितलं की मला वाटलं आता काहीतरी लागेल असं बोलणार. पण तिने फक्त माझा दंड धरला, कारण खाली दगड निसरडे होते. कागदावर आम्ही अकरा लिहिले. मागून येऊन रोलंडने पुन्हा मोजले, तर ते बारा निघाले.